पोटखराबा

तिवरघरला जायला दोन वेळा सांभाळाव्या लागत,
एक एसटीची, एक भरतीची.
मी मोजणीचा माणूस, सांगोल्याकडचा,
पाणी म्हणजे विहिरीच्या तळाशी असतं ते,
एवढंच ठाऊक असलेला.
तरीत साखळी मांडीवर घेऊन बसलो
तेव्हा गफूर होडेकरनं वल्हं न थांबवता विचारलं,
"बांधायचंय कुणाला?"

गाव उतारावर टांगलेलं.
सगळ्यात वर सडा, जांभ्याचा, तापला की तव्यासारखा.
त्यावर कुणीतरी कधीतरी एक मासा कोरून ठेवलाय,
माणसापेक्षा लांब, शेपूट समुद्राकडे.
पाऊस सरला तरी त्याच्या डोळ्यात पाणी राहतं,
गुरं ते पिऊन पुढं जातात.
सड्याखाली वाड्या, वाड्यांखाली मळा,
मळ्याच्या पायथ्याशी खारबांध, आणि पलीकडे खाडी,
जिला गावात कुणी खाडी म्हणत नाही.
नुसतं "ती". "ती आज वर आलीय."

इतिहास विचारला तर हसले.
किल्ला समोरच्या काठाला, भांडणंही तिकडचीच.
एक गोळा तेवढा चुकून इकडे आला,
रेवाळ्यांच्या पडवीत दार अडवायला आहे.
बाकी काय घडलं ते शेतांच्या नावांत.
शनवाराचं टेप: ज्यांचा घाणा शनिवारी फिरत नसे
त्या तेल्यांचं. ते बोटीनं गेले, परत न येण्यासाठी,
घाण्याची उखळ अजून पावसानं भरते.
खोताचा अर्धेल, जिथं आता खोत नाही,
पण पहिली पेंडी बाजूला काढायला हात अजून चुकून जातो.
बायांचा बांध.
तेव्हा पुरुष बसऱ्याला होते, सरकारच्या लढाईत,
आणि आवसेच्या उधाणात खार फुटली.
बायांनी पेंढा, चिखल, चुलीची राख, मोडका पाळणा,
हाती लागलं ते लोटलं. पहाटे ओहोटी लागली.
कागदावर त्या बांधाची लांबी आहे. उंची आहे.

बांधात एक लाकडी झाप असते. उघाडी.
ओहोटीला आपसूक उघडते, शेताचं पाणी बाहेर सोडते,
भरतीला तिचीच तिला मिटवते.
मी तिच्याकडे बराच वेळ बघत बसलो,
म्हणजे कामाचा अर्धा दिवस.

सर्व्हे नंबर एकेचाळीस.
टिपणावर: खार जमीन, भात, बावीस गुंठे.
डोळ्यांसमोर: तिवरं, चिखल, एका पायावर बगळा.
उघाडी कुजली त्या साली बांध गेला,
बांधायला माणसं पुरली नाहीत.
अनशी भुवड लुगडं खोचून गुडघाभर पाण्यात उतरली,
चालत गेली, वळली, थांबली.
"हितं कोपरा. हितं माजी सासू कोसळली, लावणीत.
हितनं तांबडं भात निघायचं, भाकरीला मीठ नको."
साखळीचं टोक धरायला गफूर उतरला.
बावीस गुंठे भरले. अर्धा गुंठाही चुकला नाही.

मी लिहायचं ते लिहिलं: पोटखराबा.
नाव लिहायला रकाना नव्हता.

तिनं पत्र्याची डबी आणली. शेतसाऱ्याच्या पावत्या,
एकोणीस वर्षांच्या, क्रमानं लावलेल्या,
एक रुपया काही पैसे, बुडालेल्या जमिनीचे.
म्हटलं, "आजी, हे कशाला भरता?"
खाडीकडे न बघता म्हणाली,
"तिला वाटाया नको, आमी सोडली म्हून."

संध्याकाळी गफूरनं एक सांगितलं.
साखळी गोड्या पाण्यानं धू, नाहीतर कडी न् कडी खाऊन टाकेल ती.
व्हाळावर बसून मी एकेक कडी धूत राहिलो.
अंधार पडला. खाली उघाडीच्या जागेवरून
आत येणाऱ्या पाण्याचा आवाज येत होता,
मला वाटलं होतं त्याहून बराच हळू.